कासवाचं झाकण

प्रिय खुडबुड्या,

हे नाव पाकिटावर नाही, आतच आहे, तेव्हा रागावू नकोस. भावजी म्हणत होते, चौतीस वर्षांच्या बाप्याला असं कोणी लिहीत नाही. मी म्हटलं, तुम्ही फक्त लिहा. आपल्या घड्याळांच्या दुकानाच्या पायरीला टेबल लावून लोकांचे अर्ज लिहून देणारे, तुझ्या आजोबांचे दोस्त, ते हे भावजी. मला अक्षर येत नाही, म्हणून मी बोलते आहे आणि ते लिहिताहेत. जन्मभर अर्ज लिहिल्यामुळे त्यांचा हात तिकडेच वळतो. सुरुवात त्यांनी 'मी खाली सही करणार' अशी केली होती आणि शेवटी काय येणार तेही मला माहीत होतं, 'तरी विनंती मान्य व्हावी'. मी सगळं खोडायला लावलं. म्हटलं, मी माझ्या नातवाशी बोलते आहे, सरकारदरबारी नाही. आता थोडं थोडं लिहून झालं की मोठ्यानं वाचून दाखवायचं असा आमचा करार आहे, म्हणजे मधेच त्यांनी काही गाळलं तर मला कळेल.

तुझं पत्र पोचलं. पुढच्या महिन्याच्या पहिल्या रविवारी टेम्पो घेऊन माणूस येईल, तो आजोबांचं कामाचं टेबल, खणांचं कपाट, चिमटे, भिंगं सगळं घेऊन जाईल. तुला गोदामातून रजा नाही, म्हणून तू येणार नाहीस. मी फक्त मागची खोली उघडून द्यायची. आणि खाली एक ओळ, ते पितळी कासवही देऊन टाक, भंगारात जाईल. संपलं पत्र. तीन वर्षांत तुझी चार पत्रं आली आणि चारही मिळून एका पोस्टकार्डावर मावली असती. इतकं कमी बोलणारा तू नव्हतास. पाच वर्षांचा असताना तुझ्या तोंडाचा पट्टा थांबवायला आजोबा तुझ्या हातात एखादं मोडकं गजराचं घड्याळ द्यायचे, आणि मग तासभर नुसता खुडबुड खुडबुड आवाज. नाव काही उगाच नाही पडलं.

इकडचं म्हणशील तर माझा उजवा गुडघा बरा आहे आणि त्याचं चांगलं चाललेलं डाव्याला बघवत नाही. चौकातलं मोठं घड्याळ तू दुरुस्तीला येईनासा झाल्यापासून सात वाजून वीस मिनिटांवर अडलं आहे. शिंपीणबाईंचा जावई त्यावर विसंबून राहिला, त्याची बस चुकली आणि तो आठवडाभर सासरी राहिला. बाई अजून तुझ्या नावानं बोटं मोडतात. येणारे-जाणारे मला विचारतात, नातू कधी येणार. मी सांगते, त्याला हल्ली खोकी मोजायला आवडतं.

कासव भंगारात टाकायच्या आधी ते काय आहे हे तुला कळायला हवं. लहानपणी मी सांगायला लागले की तू हसायचास, आजी थापा मारते म्हणायचास. मारतेच मी थापा, पण ही त्यातली नव्हती. मी लग्न होऊन आले तेव्हा या घरात दोन खोल्या आणि सात माणसं. दुकान सकाळी उघडायचं ते दिवे लागल्यावर बंद व्हायचं. नवऱ्याशी बोलायचं तर सासूबाई, दोन दीर, एक आत्या आणि गिऱ्हाइकं यांच्या डोक्यांवरून बोलावं लागे. एकदा मी म्हटलं, अहो, सगळ्या गावाची वेळ नीट करून देता, माझ्या वाट्याला त्यातली चिमूटभर तरी येऊ दे. मी आपली टोचायला बोलले होते. पण तुझ्या आजोबांना टोमणा कळायचाच नाही. त्यांना वाटलं दुरुस्तीचं काम आलं. दोन वर्षं खपून त्यांनी हे यंत्र केलं.

तू बघितलं आहेस, ताटाएवढं गोल, पाठीला फुगीर, आत दातेरी चाकांचे तीन थर. पुढे किल्लीचं भोक. किल्ली एका अंगाला फिरवली की खोलीच्या बाहेरचं जग रांगायला लागतं आणि आत आपल्याला भरपूर वेळ मिळतो. दुसऱ्या अंगाला फिरवली की बाहेरचं जग भुर्रकन उडून जातं आणि आत जेमतेम क्षणभर सरतो. मला वाचता येत नाही म्हणून त्यांनी अक्षरं कोरलीच नाहीत. एका अंगाला कासव काढलं, दुसऱ्या अंगाला चिमणी. चिमणी काही जमली नाही, बटाट्याला चोच फुटल्यासारखी दिसते. किल्लीच्या भोकाच्या वर छोटी काच, तिच्यात यंत्र स्वतःच हिशेब करून दाखवतं की जगापेक्षा आपण आत किती जास्त जगलो. एका तासाला एक पांढरं टिंब. मला एवढंच वाचता येतं, पण ते नीट येतं.

जेवणानंतर दुकानाला पंधरा मिनिटांची सुट्टी असायची. तेवढ्यात आम्ही मागच्या खोलीत जायचो, हे किल्ली कासवाकडे फिरवायचे आणि आमची दुपार सुरू व्हायची. तीन तास, कधी चार. त्यात आम्ही काही जगावेगळं केलं नाही रे. मी विणकाम करायचे, ते झोपायचे नाहीतर बोलायचे. दुकानात तोंडातून शब्द न काढणारा माणूस तिथे मला त्याच्या शाळेतल्या मास्तरांच्या नकला करून दाखवायचा. भावजींनीच आम्हाला पकडलं. मी आत गेले तेव्हा स्वेटरची पाठ अर्धी होती आणि पंधरा मिनिटांनी बाहेर आले तेव्हा एक बाही पूर्ण. ते दाराशीच बसलेले. म्हणाले, वहिनी, तुमच्या सुयांना मोटार बसवली आहे का? सासूबाईंच्याही लक्षात आलं, पण त्यांनी कारण विचारलं नाही. त्यांनी अख्ख्या खानदानाची लोकर आणून माझ्या पुढ्यात टाकली.

असं चाळीस वर्षं चाललं. आजोबा टिंबांची बेरीज डोक्यात ठेवायचे. जाण्याच्या आधीच्या वर्षी म्हणाले होते, आपण दोघं गावापेक्षा तीन वर्षं जास्त जगलो आहोत. म्हणजे भावजींच्या कागदावर मी एकोणऐंशीची असले तरी खरी ब्याऐंशी आहे, मान द्यायचा तर त्या हिशेबानं दे. आणि एवढी तीन वर्षं फुकटची हाताशी असताना मी अक्षरं तेवढी शिकले नाही. त्यांनी पाटी आणली होती. मी म्हणायचे, राहू दे हो, उद्या. बोलायचं सोडून गिरवत कोण बसणार? आज कळतं आहे. शिकले असते तर पुढचं जे सांगायचं आहे ते भावजींच्या कानांवरून जायला लागलं नसतं.

चिमणीकडे किल्ली मी एकदाच फिरवली होती. हे सुटे भाग आणायला चार दिवस परगावी गेले होते आणि मला करमेना. चहा घेऊन मागच्या खोलीत बसले, किल्ली दिली, अर्धा कप संपतो तोच हे दारात. चहा अजून गरम. पण बाहेर चार दिवस झालेले. सून आत कोंडून बसली, हाकेला ओ देत नाही म्हणून सासूबाईंनी सुतार बोलावला होता आणि तो दाराला पटाशी लावून उभा होता. तेव्हापासून चिमणीला हात लावायचा नाही असं ठरलं. पुढे चाळीस वर्षं माझा हात फक्त कासवाकडे वळला. हे लक्षात ठेव.

आणि तुझी ती तेराव्या वर्षीची सुट्टी. एका महिन्यात तू मनगटी घड्याळं खोलून जोडायला शिकलास. गावभर झालं, पोरगं काय हुशार आहे. हुशार आहेसच, पण बाळा, तो एक महिना नव्हता. आजोबा तुला दिवसातून चारदा-पाचदा आत न्यायचे आणि तुला वाटायचं इथला दिवसच मोठा असतो. घरी परत गेलास तेव्हा तुझ्या सगळ्या विजारी आखूड झाल्या होत्या. तुझी आई मला म्हणाली, आई, तुम्ही याला खायला घालता तरी काय? मी म्हटलं, इकडचं पाणी चांगलं आहे.

त्या सुट्टीत त्यांनी तुझ्याकडून एक नेम पाळून घेतला होता. उघडं घड्याळ टाकून उठायचं नाही. आधी झाकण, मग दुसरं काय ते. घराला आग लागली तरी. आणि एकदा खरंच स्टोव्ह भडकला तेव्हा त्यांनी आधी झाकण लावलं, स्क्रू पिळला आणि मग उठले. डावी भुवई अर्धी गेली. पुढे महिनाभर ते सतत कशाचं तरी नवल वाटल्यासारखे दिसत होते.

आता तो दिवस. तुझ्या बाजूचा मला पाठ आहे. भावजींचा फोन तुझ्या तिकडच्या दुकानात अडीचला गेला, तुझ्यापुढे कोणाचं तरी घड्याळ उघडं होतं, तू झाकण लावलंस, सात मिनिटं गेली, आणि तू स्टँडवर पोचलास तेव्हा आधीची बस समोरून निघून गेली. इथे आलास तेव्हा चार वाजून वीस मिनिटं झाली होती आणि आजोबांना जाऊन दहा मिनिटं. दारात उभा राहून तू एवढंच म्हणालास, सात मिनिटं, आजी, मी झाकण लावत बसलो. त्यानंतर तू घड्याळाला हात लावला नाहीस. मनगटावरचंसुद्धा काढून ठेवलंस. मला सगळं दिसत होतं.

माझ्या बाजूचं तुला माहीत नाही. आजोबा सकाळी कासवच साफ करत होते. झाकण काढलं होतं, चार स्क्रू बशीत ठेवले होते, आणि तेवढ्यात त्यांच्या डोळ्यांपुढे अंधारी आली. आम्ही त्यांना तिथेच मागच्या खोलीत खाटेवर निजवलं. डॉक्टर दोनला येऊन गेले. म्हणाले, सहा-सातपर्यंत काढतील, पुढचं सांगता येत नाही. चारच्या सुमारास त्यांना श्वास लागला आणि मी घाबरले. तू वाटेत होतास. मला वाटलं, वेळ हवा, तू येईपर्यंत पुरेल एवढा वेळ हवा. भावजी तुझ्यासाठी कोपऱ्यावर जाऊन उभे होते, खोलीत आम्ही दोघंच. मी टेबलाशी गेले आणि किल्ली फिरवली. वेळ हवा असला की माझा हात जिकडे जायचा तिकडेच गेला. कासवाकडे.

भावजींनी इथे लेखणी खाली ठेवली आहे. विचारतात, वहिनी, हे लिहू? लिहा.

चिमणीकडे फिरवली असती तर तू त्यांचे दोन श्वास होतात न होतात तोच दारात असतास. मी उलट केलं. थोड्या वेळानं पाहिलं तर त्यांच्या पांघरुणावरचं ऊन जागचं हलत नव्हतं. खिडकीतून कोपऱ्यावर भावजी दिसत होते, नाक खाजवायला हात वर नेलेला, तो नाकाशी पोचेपर्यंत मी यांना चार चमचे पाणी पाजलं. त्यांच्यापलीकडे पूल, आणि पुलाच्या तोंडाशी तुझी बस, मुंगीसारखी. तू तिच्यात होतास हे मला माहीत होतं. यंत्राला थांबवायचा खटका आहे. तो दाबला असता तर वीस मिनिटांत तू खोलीत असतास आणि त्यांच्यापाशी अजून तीन तास उरले असते. उठून चार पावलं जायचं होतं.

तेवढ्यात त्यांनी डोळे उघडले. श्वास जरा बसला आणि ते बोलायला लागले, तसेच, दुपारी बोलायचे तसे. सासूबाईंच्या त्या सुताराची आठवण काढून हसले. मी मनात म्हटलं, एवढं बोलणं संपू दे, मग खटका दाबते. ते संपलं, दुसरं निघालं. मी पुन्हा म्हटलं, एवढं संपू दे. तीनदा त्यांनी विचारलं, पोरगा निघाला का? तीनदा मी सांगितलं, निघालाय, येतोच आहे. आणि खिडकीतून मला तुझी बस दिसत होती. पहिली किल्ली चूक होती, ती मी माझ्या हाताच्या माथी मारीन. पुढचे तीन तास चूक नव्हते. मला ते हवे होते. चाळीस वर्षं पुरून उरल्या होत्या दुपारी, तरी मला ती एक आणखी हवी होती, आणि ती मी तुझ्यातली घेतली. ते गेले तेव्हा मी खटका दाबला. बाहेर दहा मिनिटं झाली होती. काचेत तीन पांढरी टिंबं आहेत, मी ती कोरी केलेली नाहीत. येऊन मोज.

तू उशिरा आला नव्हतास. ती पहिली बस चुकूनसुद्धा तू वेळेवर होतास. तीन वर्षं तू सात मिनिटं उरावर घेऊन फिरतो आहेस आणि मी तुला फिरू दिलं, कारण सांगितलं असतं तर तू मला विचारलं असतंस, आजी, खटका का नाही दाबलास. रागावायचं असेल तर रागाव, पण पत्रातून नको, भावजींना वाचून दाखवावं लागेल आणि ते प्रत्येक वाक्याच्या आधी खाकरतात. समोर येऊन रागाव.

आता ज्याच्यासाठी हे सगळं लिहवून घेतलं ते सांगते. त्या तीन तासांत आजोबांनी तुझ्यासाठी निरोप ठेवला होता. तो दिला असता तर सगळ्यांनी विचारलं असतं, शेवटच्या दहा मिनिटांत श्वास लागलेला माणूस इतकं बोलला कधी? म्हणून मी तोही गिळला. तिसऱ्यांदा मी येतोच आहे म्हटलं तेव्हा ते म्हणाले, घाई करू नको त्याची. हातातल्या घड्याळाचं झाकण लावूनच निघेल तो. लावू दे. तसंच टाकून धावत आला तर मीच बाहेर काढीन त्याला. असं म्हणून हसले, मान वळवून टेबलाकडे बघितलं, आणि मग मला कळलं की त्या माणसाला आपल्या यंत्राची टिकटिक पहिल्यापासून ऐकू येत होती. त्यांनी मला खटका दाबायला सांगितलं नाही. एवढंच म्हणाले, जन्मात एकच घड्याळ उघडं टाकून उठलो गं. झाकण त्याला लावायला सांग. तर ते झाकण अजून उघडं आहे, बाळा. मी वर फडकं टाकलं आहे, पण धूळ जातेच. बाकीचं टेबल, कपाट, चिमटे तुला विकायचे तर खुशाल वीक, फक्त गुन्हा केला म्हणून विकू नकोस. कासवाचे चार स्क्रू मी काड्यापेटीत ठेवले होते. त्यातला एक या पाकिटात चिंधीत शिवून पाठवते आहे, उसवताना सांडू नकोस. तीन माझ्यापाशी आहेत, ते काही मी टेम्पोवाल्याला देणार नाही. भावजी, आता लिहा तुमचं ते. तरी विनंती मान्य व्हावी.

सहीच्या जागी मी चिमणी काढली आहे. बटाटा वाटली तर घराण्याची खूण समज.

तुझीच,
ब्याऐंशी वर्षांची आजी